खानदेशच्या कोरड्या हवेत ज्वेल ऑर्किड कशी सांभाळायची

ज्वेल ऑर्किड खानदेशात जगते. फैजपूरला, एसी नसलेल्या स्लॅबच्या घरात, भर मे महिन्यातही जगते, नवी पानं काढते आणि थंडीत फुलतेही. त्यासाठी महागडं यंत्र लागत नाही. तिला ओलावा कुठे हवा आणि कुठे अजिबात चालत नाही, एवढं मात्र नीट समजून घ्यावं लागतं. पानाभोवतीची हवा दमट हवी आणि बुडाशी, मुळांपाशी हवा खेळती हवी. आपल्याकडे उन्हाळ्यात नेमकं उलटं होतं. हवा कोरडी ठणठणीत असते, झाड मलूल दिसतं म्हणून आपण कुंडीत पाणी ओतत राहतो आणि झाड मुळाकडून सडतं.

माझं रोजचं काम केळीच्या टिश्यू रोपांच्या, म्हणजे लॅबमध्ये बाटलीत वाढवलेल्या रोपांच्या हार्डनिंगचं आहे. लॅबमधून आलेलं जी-नाईन या केळीच्या जातीचं बोटभर रोप इथल्या वाऱ्यात उभं राहण्याजोगं करायचं, हे मी शेडनेटमध्ये करते. घरच्या ऑर्किडलाही तेच ज्ञान कामाला येतं, म्हणून पुढे केळीचा विषय अधूनमधून येईल.

कोणतं झाड घ्यावं

ज्वेल ऑर्किड हे एकाच झाडाचं नाव नाही. जंगलाच्या तळाशी, पालापाचोळ्यात सरपटत वाढणाऱ्या आणि फुलांपेक्षा पानांसाठी ठेवल्या जाणाऱ्या बऱ्याच ऑर्किडना मिळून ते म्हणतात. पहिलं झाड लुडिसिया डिसकलरच घ्या. काळपट मरून रंगाचं मखमली पान आणि त्यावर तांबूस गुलाबी उभ्या शिरा. ईशान्य भारत, दक्षिण चीन, म्यानमार, थायलंडपासून इंडोनेशिया, फिलिपिन्सपर्यंत ती रानात सापडते. जुन्या पुस्तकांत ती हेमेरिया नावाने दिसेल, झाड तेच. तिचं खोड जाड आणि रसाळ असतं, त्यात पाणी साठतं. म्हणून हवेतली आर्द्रता ५० टक्क्यांवर आली तरी ती काही काळ तग धरते.

मॅकोडिस पेटोला या दुसऱ्या ज्वेल ऑर्किडच्या हिरव्या पानावरची सोनेरी जाळी टॉर्चच्या उजेडात अशी लखलखते की नजर हटत नाही. पण तिला कायम ७० टक्क्यांच्या वर आर्द्रता लागते आणि उष्णता लुडिसियापेक्षा कमी सोसते. अॅनेक्टोकायलसचंही तसंच. लुडिसियाने तुमच्या घरात एक उन्हाळा काढला की मगच त्यांच्याकडे वळा.

झाड विकत घेताना ते रोपवाटिकेत वाढवलेलं आहे याची खात्री करा. जवळजवळ सगळं ऑर्किड कुळ साइट्स या आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आहे. अॅनेक्टोकायलसच्या काही जाती आपल्या पश्चिम घाटातही आहेत आणि रानातून उपटून विकल्यामुळे अशी झाडं झपाट्याने कमी होतात. रानातून आणलेल्या झाडाची मुळं बहुतेकदा तुटकी आणि पानं ओरखडलेली असतात. असं झाड स्वस्त मिळालं तरी घेऊ नका.

आपल्या हवेचा हिशेब

आधी तापमान आणि आर्द्रता दाखवणारं छोटं डिजिटल मीटर घ्या. काही शे रुपयांत मिळतं. ते घरात वेगवेगळ्या ठिकाणी, वेगवेगळ्या वेळी ठेवून बघा. एकाच घरात किती हवामानं असतात हे पाहून तुम्हाला नवल वाटेल. स्लॅबच्या घरात सगळ्यात तापलेली जागा म्हणजे कपाटाचा माथा. दिवसभर तापलेला स्लॅब रात्री उशिरापर्यंत खाली उष्णता सोडत राहतो. सगळ्यात गार जागा म्हणजे मधल्या खोलीत, जमिनीलगत, जिथे आपण माठ ठेवतो ती. जुनं धाब्याचं घर असेल तर तुम्ही नशीबवान आहात. मातीच्या जाड भिंतींसारखं दुसरं काही नाही.

आता हवेचं गणित. ४२ अंशांच्या एक घनमीटर हवेत जास्तीत जास्त सुमारे ५६ ग्रॅम पाण्याची वाफ मावते. मे महिन्यातल्या दुपारी आर्द्रता १५ टक्के असेल, तर त्या हवेत साधारण ८ ग्रॅमच वाफ असते. उरलेल्या ४८ ग्रॅमची तहान ती हवा झाडाच्या पानांवर भागवते. याउलट २८ अंश आणि ७० टक्के आर्द्रता असेल, तर ही तहान ८ ग्रॅमच्या आसपास राहते. सहापट फरक. म्हणून पानांवर स्प्रेने फवारा मारून काही साधत नाही. तो थोड्याच वेळात उडून जातो आणि बोअरचं पाणी असेल तर मखमली पानावर क्षाराचे पांढरे डाग ठेवून जातो. ते डाग नंतर सहजासहजी पुसले जात नाहीत.

हेच गणित बंद पेटीत आपल्या बाजूने वळतं. दोन फूट लांब, एक फूट रुंद, एक फूट उंच असा फिश टँक घेतला तर त्यात सुमारे ५७ लिटर हवा मावते. ३० अंशांना एवढी हवा पूर्ण दमट करायला दोन ग्रॅमसुद्धा पाणी लागत नाही, म्हणजे अर्ध्या चमच्याहून कमी. अख्खी खोली दमट करायचा नाद सोडा, झाडाभोवतीची तेवढीच हवा सांभाळा.

पेटी

कोणाच्या तरी माळ्यावर पडलेला जुना फिश टँक सगळ्यात उत्तम. मोठी काचेची बरणी किंवा पारदर्शक प्लास्टिकचा झाकणाचा डबाही चालतो. तळाला धुतलेली बारीक खडी एक इंचभर पसरा, त्यात अर्ध्या इंचापर्यंत पाणी घाला. खडीवर उलट्या बशा ठेवून त्यांवर कुंड्या ठेवा. कुंडीचं बूड पाण्याला लागता कामा नये. वरून काचेचं झाकण टाका आणि एका कडेला बोटभर फट राहू द्या. फट किती ठेवायची ते मीटर सांगेल. आत ७० ते ८० टक्क्यांच्या दरम्यान राहिलं की बरोबर. सकाळी काचेवर थोडा दव दिसून दुपारपर्यंत उडाला तर ठीक. दिवसभर काच घामेजलेली असेल तर फट वाढवा.

पेटीवर ऊन कधीही पडू देऊ नका, सकाळचं कोवळंसुद्धा. बंद काचेत ऊन शिरलं की आतलं तापमान काही मिनिटांत खोलीच्या कितीतरी वर जातं आणि पानं शिजतात. खिडकीपासून दूर, आतल्या खोलीत पेटी ठेवा आणि वर साधी २० वॅटची पांढरी एलईडी ट्यूब १० ते १२ तास चालू ठेवा. झाडापासून एक फुटावर पुरे. पान फिकट, तांबडट पडलं तर उजेड जास्त होतोय. दोन पानांमधलं अंतर लांबत चाललं आणि खोड बारीक होऊन उजेडाकडे झुकलं तर कमी पडतोय. हे झाड मूळचं दाट सावलीतलं आहे, म्हणून उजेड थोडा कमी पडला तर फारसं बिघडत नाही, जास्त झाला तर बिघडतं.

माती, आणि काळी माती का नाही

आपली काळी कसदार माती कापसाला, केळीला सोनं आहे. ऑर्किडच्या कुंडीत तिचा चिमूटभरही नको. ओली झाली की ती फुगते, मधली हवा संपते आणि लुडिसियाची मुळं गुदमरतात. ही मुळं मोजकी, जाडसर आणि अंगावर बारीक लव असलेली असतात. कोकोच्या तुकड्याला, कोळशाला ती चिकटून राहतात. म्हणून विनाकारण उपटून बघण्याची सवय ठेवू नका.

माझं मिश्रण असं आहे: नारळाच्या काथ्याचे बोराएवढे तुकडे दोन भाग, अर्धवट कुजलेला पालापाचोळा एक भाग, आणि लाकडी कोळशाचा बारीक चुरा व पर्लाइट (कुंडीत घालायचे पांढरे, हलके खडे) मिळून एक भाग. स्फॅग्नम मॉस, म्हणजे पाणी धरून ठेवणारं वाळवलेलं शेवाळ, मिळालं तर वरून पातळ थर. कोकोचं काहीही वापरलं तरी आधी धुवा. त्यात मीठ असतं, आणि आमच्या शेडमध्येही न धुतलेल्या कोकोपीटमध्ये रोप लावायला कोणी धजणार नाही. रात्रभर भिजत घाला, पाणी काढा, पुन्हा भरा. निथळलेल्या पाण्याचा ईसी, म्हणजे त्यातल्या क्षारांचं मोजमाप, ०.५ च्या खाली येईपर्यंत हे करायचं. ईसीचं मीटर नसेल तर चार-पाच पाणी बदला.

कुंडी उथळ घ्या, चार इंचांची प्लास्टिकची, तळाला भरपूर भोकं असलेली. लुडिसियाचं खोड जमिनीवर आडवं सरपटतं. ते मिश्रणावर नुसतं टेकवून ठेवायचं. पुरलं की सडतं.

पाणी

आमच्या भागात बोअरचं पाणी जड आहे. कुंडीच्या कडेला पांढरी खपली धरते ती त्याचीच. या झाडाला पावसाचं किंवा आरओचं पाणी द्या. पावसाचं धरायचं असेल तर पहिले दोन-तीन पाऊस सोडून द्या, गच्चीवरची धूळ वाहून जाऊ द्या, मग ड्रम भरून झाकून ठेवा. आरओ मशीनच्या बाजूच्या नळीतून वाया जाणारं पाणी मात्र नको, त्यात क्षार आणखी दाट झालेले असतात. कूलरच्या टाकीतल्या पाण्याचंही तेच. रोज वाफ उडून जाते आणि क्षार मागे राहतात.

उन्हाळ्यात गच्चीवरच्या टाकीचं पाणी दुपारी हात पोळेल इतकं तापतं. झाडाला द्यायचं पाणी आदल्या रात्रीच बादलीत काढून घरात ठेवा.

कधी द्यायचं? ठरलेल्या वारी नाही. कुंडी उचलून बघा. वरचा अर्धा इंच कोरडा लागला आणि कुंडी हलकी वाटली की द्या. पेटीतल्या कुंडीला उन्हाळ्यातही साधारण आठ-दहा दिवसांनी लागतं, पावसाळ्यात त्याहून उशिरा. सकाळीच द्या, कडेने द्या, पानाच्या बेचक्यात पाणी साचू देऊ नका. बेचक्यात साचलेलं पाणी रात्रभर राहिलं की तिथूनच कुज सुरू होते.

खताची भूक फार थोडी आहे. केळीला ड्रिपमधून सोडतो ते १९:१९:१९ चालतं, पण दोन लिटर पाण्याला अर्धा ग्रॅम, तेही नवी पानं येत असतील तेव्हाच, दर तिसऱ्या पाण्याला. मधली दोन पाणी साधी. कडक उन्हाळ्यात आणि आजारी झाडाला खत बंद.

झाड आणल्यावर

लॅबच्या बाटलीत हवा पूर्ण दमट असते. त्या रोपाच्या पानावर मेणाचा थर नीट बनलेला नसतो आणि पानावरची छिद्रं वेळेवर मिटत नाहीत. ते एकदम उघड्यावर आणलं तर तासाभरात माना टाकतं. म्हणून आम्ही केळीची रोपं आधी पॉलिहाउसमध्ये, धुक्यासारखे तुषार सोडणाऱ्या फॉगरखाली ठेवतो, मग शेडनेटमध्ये काही आठवडे, आणि तेव्हा कुठे ती शेतावर जातात. लांबून पार्सलने येणारी ज्वेल ऑर्किडही बहुतेक अशाच दमट रोपवाटिकेतून येते, कित्येकदा टिश्यूचीच असते. तिलाही हीच पायरी-पायरीची वाट द्यावी लागते.

पार्सल आलं की आधी बुडाशी गुंडाळलेलं मॉस सोडवा. खोड दाबून बघा, मऊ लागतंय का, वास येतोय का. चांगलं असेल तर आपल्या मिश्रणात लावा, हलकं पाणी द्या आणि पहिला आठवडा झाकण पूर्ण बंद ठेवा. दुसऱ्या आठवड्यापासून फट थोडी थोडी वाढवत न्या. पान लोंबलं तर एक पाऊल मागे या. एखाद-दुसरं खालचं पान पिवळं पडून गळेल, त्याने घाबरू नका. नवं पान उलगडलं आणि ते ताठ राहिलं की झाड घरचं झालं.

मार्चच्या मध्यापासून जून संपेपर्यंत पार्सल मागवू नका. कुरिअरची गाडी आणि गोदाम आतून किती तापत असेल याचा विचार करा. ऑगस्ट ते नोव्हेंबर उत्तम, फेब्रुवारीही चालेल.

तीन ऋतू, तीन रीती

आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या आधी मी पेटी टेबलावरून उतरवून जमिनीवर ठेवते. कूलर असलेल्या खोलीत, पण झोताच्या समोर नाही. कूलरचा वारा थेट अंगावर आला तर तो दमट असूनही पान सुकवतो. कोरडी हवा झाडाची वैरी असली, तरी तिच्यामुळेच कूलर उत्तम चालतो. बाहेर ४२ अंश असताना खोली तीसच्या आत येते, कारण कोरड्या हवेत पाणी भराभर उडतं आणि उडताना उष्णता घेऊन जातं. लाइट गेली की हेच काम गोणपाट करतं. ओलं गोणपाट पेटीच्या तीन बाजूंनी टांगा, त्याची खालची कड पाण्याच्या परातीत सोडा. वीज नसतानाही पेटी खोलीपेक्षा काही अंशांनी गार राहते. केळीच्या बागेभोवती शेवरी किंवा गजराज गवत लावून उष्ण वारा अडवतात ना, तशी इथे खिडकीच्या बाजूला वाळ्याची ताटी किंवा जाड पडदा लावा.

लोक मे महिन्याची धास्ती घेतात. मला जूनची काळजी जास्त वाटते. मृगाच्या सुमारास ढग येतात, पाऊस येत नाही, हवा दमट होते आणि पारा अजून ३८ वर असतो. कूलर नुसता वारा टाकतो, गारवा देत नाही. गरम, ओलं आणि कोंदट ही कुज लागायला नेमकी लागणारी परिस्थिती. या दिवसांत पेटीचं झाकण काढा, तळातलं पाणी काढून टाका, कुंडीला पाणी निम्म्यावर आणा आणि खोलीत पंखा हळू चालू ठेवा. बाहेरचीच आर्द्रता ६०-७० असताना पेटीची गरज उरत नाही. पुढे पूर्ण पावसाळाभर झाकण उघडंच. रात्री टॉर्च घेऊन गोगलगायी शोधा. एक छोटी गोगलगाय एका रात्रीत दोन पानांना भोकं पाडते, आणि हे पान परत यायला महिना लागतो.

थंडीत आपल्याकडे रात्री पारा १० च्या खाली उतरतो. केळीवर चरका पडतो, म्हणजे ती थंडीने मार खाते, तेव्हा घरातल्या या झाडालाही ती थंडी सोसत नाही. १५ च्या खाली जाऊ न देणं बरं. पेटी आता जमिनीवरून उचला, फरशी गार असते. टेबलावर ठेवा, रात्री झाकण बंद करून वर जुनी गोधडी टाका, सकाळी काढा. पाणी कमी, आणि संध्याकाळी तर नाहीच.

कुज आणि किडी

खोडावर तपकिरी, पाण्यासारखा मऊ डाग दिसला तर त्याच दिवशी हात घाला. ब्लेड स्पिरिटने पुसून घ्या. डागाच्या वर, निरोगी भागात काप घ्या आणि कापलेली बाजू बघा. आत तपकिरी ठिपका दिसला तर ब्लेड पुन्हा पुसून आणखी वर कापा. स्वच्छ, फिकट हिरवट पांढरा काप मिळाला की थांबा. त्यावर दालचिनीची पूड लावा, तो भाग अर्धा दिवस सावलीत सुकू द्या आणि नव्या ओलसर मॉसवर आडवा ठेवा. जुनं मिश्रण फेकून द्या, दुसऱ्या कुंडीत वापरू नका. तांबंयुक्त बुरशीनाशक घरात असलं तरी इथे वापरू नका, काही ऑर्किडना ते सोसत नाही.

कापसामुळे पिठ्या ढेकूण आपल्याला ओळखीचा आहे. इथेही तो पानाच्या बेचक्यात, पांढऱ्या कापसासारखा दिसतो. कानात घालायच्या काडीला स्पिरिट लावून एकेक टिपून काढा, आठवड्याने पुन्हा बघा. कोरड्या दिवसांत पानाच्या खाली लाल कोळी येतात, पान निस्तेज, बारीक ठिपक्यांचं दिसतं. ओल्या मऊ कापडाने पानाची खालची बाजू पुसत राहा. पेटीतली आर्द्रता योग्य असेल तर कोळी सहसा टिकत नाहीत.

फूल आणि नवी रोपं

डिसेंबर ते फेब्रुवारीत शेंड्यातून दांडा निघतो. त्यावर छोटी पांढरी, मधे पिवळी फुलं येतात आणि काही आठवडे टिकतात. दांडा वाढत असताना पेटीची जागा बदलू नका. झाड लहान किंवा नुकतंच आजारातून उठलेलं असेल तर दांडा बोटभर असतानाच खुडून टाका. फुलण्यात त्याची बरीच ताकद जाते. फुललेला शेंडा पुढे वाढत नाही. त्या खोडाच्या खालच्या पेरांतून बाजूचे फुटवे येतात. म्हणून दांडा वाळला की तो तेवढाच कापा, खोड ठेवा.

नवी रोपं करायला श्रावण उत्तम, कानबाईच्या सणाच्या सुमारास. ऊन उतरलेलं असतं, हवा दमट असते आणि थंडी यायला वेळ असतो. दोन-तीन पेरांचा तुकडा पुसलेल्या ब्लेडने कापा. शेंड्याचा तुकडा असेल तर वरची दोन पानं ठेवा. मधल्या तुकड्याला पान नसलं तरी चालतं, डोळा मात्र शाबूत हवा. काप सुकू द्या, मग पिळून काढलेल्या ओलसर मॉसवर आडवा ठेवा, डोळा वरच्या बाजूला. झाकणाच्या डब्यात, सावलीत. काही आठवड्यांत पेरापाशी पांढरी लवदार मुळं दिसतील. मुळं इंचभर झाली आणि डोळ्यातून कोंब वर आला की मॉससकट उचलून कुंडीत लावा. मॉस सोडवायला गेलात तर मुळांवरची लव तुटते. पुढचा महिनाभर त्या कुंडीला खत नको, आणि झाकणाची फट रोज नाही, आठवड्याने वाढवायची.